धाकल्याचा ताण

माणसं आयुष्यात काय काय करून ठेवतात. कोणी घर बांधतं, कोणी विहीर खणतं, कोणी निदान एखादं झाड लावतं. मी एक ग्रह केला. तोही संत्र्याचा, आणि तोही भर प्रदर्शनात दुसरं काही सुचेना म्हणून. पुढं जे लिहितो आहे ते वाचून तुम्ही म्हणाल, म्हातारा अजून फेकूनच राहिला. म्हणा. पण त्या एका फेकीपायी साडेतीनशे झाडांचा बगीचा मरता मरता राहिला. ज्यांचा तो बगीचा होता त्यांनी मला कधी एक वाकडा शब्द ऐकवला नाही. शिव्या दिल्या असत्या तर केव्हाच विसरलो असतो.

वडिलांची बदलीची नोकरी. तहसिलीत कारकून होते, आज या गावी तर उद्या त्या. माझं शिक्षण नासू नये म्हणून त्यांनी मला सौंसरला त्यांच्या थोरल्या भावाकडं ठेवलं. ते माझे मोठेबाबा आणि त्यांची बायको मोठीआई. शिक्षण सौंसरलाही व्यवस्थित नासलं, पण त्यात त्या दोघांचा काही दोष नाही. त्यांना मूल नव्हतं, त्यामुळं माझे लाड दुप्पट आणि माझ्याकडून आशा चौपट. मोठेबाबा चौथी शिकलेले. 'सायन्स' हा शब्द ते असा उच्चारायचे की समोर मूर्ती असावी. मी अकरावीला विज्ञान घेतलं त्या दिवशी त्यांनी मोठीआईकडून पाटवडीचा रस्सा करवला आणि शेजाऱ्यांना सांगितलं, "आमचा मधुकर आता सायन्सचा पोट्टा झाला." त्या रस्स्याचा झणका अजून नाकात आहे. बेसनाच्या वड्या, वर तर्री, सोबत ज्वारीची भाकर, आणि शेवटी पोट धरून बसलेला सायन्सचा पोट्टा.

त्या घराचे आवाज मला आजही क्रमानं आठवतात. पहाटे मोठेबाबांच्या खाकरण्याचा, मग अंगणात खराट्याचा, मग नागपूरकडं जाणाऱ्या पहिल्या बसच्या भोंग्याचा, आणि संध्याकाळी मोठीआई कणीक मळायची तेव्हा परातीवर बांगड्यांचा. कणीक मळून झाली की ती गोळ्यावर अंगठा दाबायची आणि मगच ओल्या फडक्यानं झाकायची. गुळगुळीत गोळा झाकून ठेवायचा नाही, तो पिंडासारखा दिसतो आणि मग ज्याला द्यायचा नाही तोही मागायला येतो, असं ती म्हणे. कोण येतो, असं मी एकदा विचारलं होतं. तिनं माझ्या डोक्यावर पिठाचा हात मारला आणि म्हणाली, "तू तं बिनबोलावताच येतं, जाय, हात धुऊन घे."

आता ताणाचं सांगायला हवं, कारण सगळं तिथं अडकलं आहे. आमच्याकडं आंबिया बहार घ्यायचा म्हणजे थंडीत संत्र्याच्या झाडाचं पाणी तोडायचं. यालाच ताण देणं म्हणतात. महिना-दीड महिना झाड तहानेलं ठेवायचं. पानं मलूल होतात, वळतात, काही गळतात. झाडाला वाटतं, आता आपलं काही खरं नाही. मग बरोबर वेळ साधून पाणी सोडलं की ते जिवाच्या भीतीनं अंगभर फुलतं. वेळ चुकली, ताण कमी पडला, तर नुसता पाला. जास्त झाला, तर शेंडे वाळतात, फांद्यांचं सरपण होतं, आणि झाड परत उठत नाही. ही वेळ मोठेबाबा कानानं ओळखायचे. पान तोडून कानाशी धरायचे आणि दोन बोटांत दुमडायचे. त्यातून कुरकुर निघाली की दिवस मोजायला लागायचे, आणि संक्रांतीच्या आगेमागे कधीतरी म्हणायचे, "झालं. बोलून राहिलं झाड." मग मोटर सुरू व्हायची. मी शेकडो पानं कानाशी धरून पाहिली, मला एकही बोललं नाही.

त्या वर्षी मार्गशीर्षात पांढुर्ण्याच्या एका शाळेत विज्ञान प्रदर्शन होतं. मी सूर्यमाला करायची ठरवली, कारण तिला लागणारी फळं घरात फुकट होती. प्लायवूडची फळी, त्यात उभ्या तारा, तारांवर संत्री. सूर्याला पपई. गुरूला एक नंबरचं संत्रं, पृथ्वीला मधलं, बुधाला बोर. चंद्राला चुरी, म्हणजे व्यापारी हातही लावत नाही असं बारकं फळ. सौंसरहून बसनं जाताना भूक लागली आणि मी शनी खाल्ला, तो पांढुर्ण्याला उतरून परत घ्यावा लागला, ते सोडा. खरी गडबड वेगळीच होती. फळीला भोकं पाडताना मी चंद्राशेजारी एक भोक जास्त पाडलं होतं, आणि भोक दिसू नये म्हणून त्यात तार ठोकली होती. आता ती तार नुसतीच उभी. वाईट दिसायला लागली. पिशवीत तळाशी एक चुरी उरली होती, चंद्राहून लहान. ती तारेवर चढवताना जोर जास्त लागला आणि तिच्या एका अंगाला माझ्या अंगठ्याचा खड्डा पडला. खड्ड्याची बाजू मी भिंतीकडं फिरवली आणि शहाण्यासारखं तोंड करून उभा राहिलो.

पाहुणे म्हणून कापसाचे कोणी मोठे व्यापारी आले होते. जाकीट, गळ्यात हार, मागं आमचे विज्ञानाचे सर आणि चार मास्तर. बाकीच्या पोरांसमोर ते नुसते मान हलवत पुढं गेले. माझ्यापाशी मात्र थांबले, बहुधा संत्र्यांच्या वासानं. त्यांनी एकेक ग्रह विचारला, मी सांगितला. मग बोट त्या चुरीवर ठेवलं. "अन् हा कोन?"

'सर, भोक जास्त पडलं' एवढं म्हणायचं होतं. चार शब्द. पण तेवढ्यात गर्दीत मला मोठेबाबा दिसले. माल घेऊन मंडईत आले होते, आणि मला न सांगता, टोपी नीट करून, पुतण्याचं सायन्स ऐकायला उभे होते. त्यांच्या चेहऱ्याकडं पाहिलं आणि माझ्या तोंडातून निघालं, "हा धाकल्या, सर."

"धाकल्या?"

"चंद्राचा लहान भाऊ."

आणि मग मी जो सुटलो, बाप्पा! मी सांगितलं की चंद्र समुद्राचं पाणी ओढतो हे तर सगळ्यांना माहीत आहे. आपल्याकडं समुद्र नाही. मग आपल्या भागात कोण ओढतो? तर धाकल्या. तो ओढतो झाडातला रस. दिसत का नाही? कारण त्याची माती आपल्या कपाशीच्या वावरासारखी काळी आहे, तिच्यावर उजेड पडला की परत येत नाही. रात्री काळ्यावर काळं दिसायचं कसं? दिवसा तो वर नसतो. म्हणून तो दिसतो फक्त दिवेलागणीच्या थोड्या वेळात, सूर्य बुडाल्यावर पूर्वेचं आभाळ निळं-जांभळं असतं तेव्हा, क्षितिजापासून दोन बोटं वर. चमकत नाही. आभाळात भोक पडल्यासारखा दिसतो. भोक डोक्यातच होतं माझ्या, तेच आभाळात गेलं. पाहुण्यांनी टाळ्या वाजवल्या. आमचे सर माझ्याकडं असे पाहत राहिले की मी घरी जाऊन ताप आल्याचं सांगितलं आणि चार दिवस शाळेत गेलो नाही. सरांनी पुढंही काही विचारलं नाही. मला वाटतं, पाहुण्यांसमोर मान हलवून बसल्यावर आता कोणत्या तोंडानं विचारायचं, हा त्यांचाही प्रश्न होता.

परतीच्या बसमध्ये मोठेबाबा खिडकीशी बसले होते. बरंच अंतर गेल्यावर म्हणाले, "मागल्या साली आपला बहार गळला. सारं बराबर केलं होतं मी. कोनालेच समजलं नाही, कावून गळला." मग माझ्या मांडीवर हात ठेवला. "आता समजलं." त्यांच्या आवाजात इतकं समाधान होतं की मी खिडकीबाहेर पाहायला लागलो.

तेव्हाच सांगायला हवं होतं. पण खरं बोलायचं तर मला मजा वाटत होती. आठ दिवसांत सौंसरभर झालं की मोठेबाबांच्या पुतण्यानं तारा शोधून काढला. लोक घरी यायला लागले. कोणी लिंबाचं विचारे, कोणी लेकीच्या लग्नाचं. मी वहीत एक तक्ताच करून टाकला. धाकल्या उगवतो मार्गशीर्षात, जोर धरतो पौषात, आणि मावळतो माघी पौर्णिमेला. माघी पौर्णिमाच का? कारण रकाना भरायचा होता आणि तो शब्द बसला. पोरं मला पाहून ओरडायची, "काय बे धाकल्या, आज किती रस ओढला?" आणि मोठीआई माझ्या ताटात तुपाची धार धरायची. फसवणुकीच्या अन्नाला वेगळीच चव असते, आणि ती वाईट नसते, हे मी अनुभवानं सांगतो.

पहिली गार शिरशिरी आली ती उकंडामुळं. उकंडा म्हणजे आमच्या बगीच्याचा राखणदार, मोहगावचा, म्हातारा, एका डोळ्यात फूल पडलेलं. तो प्रदर्शन वगैरे काही जाणत नव्हता, बगीचा सोडून कुठं जातच नव्हता. मी एकदा संध्याकाळी डबा घेऊन गेलो तर तो शेकोटीपाशी पूर्वेकडं पाठ करून बसला होता. म्हणाला, "बाबू, तुमी त्याचं नाव घ्याले नाई पायजे होतं."

"कोणाचं?"

"तुमी धाकल्या म्हनता त्याचं. आमची माय त्याले कच्चा म्हने." आणि मग त्यानं हळूहळू, भाकर मोडत मोडत सांगितलं. आभाळाच्या बाईनं चंद्रासाठी कणीक मळली. चंद्र लाटला, भाजला, वर ठेवला. परातीत एक उंडा उरला. रात्र झाली होती, चूल विझली होती. तिनं त्यावर अंगठा दाबला आणि म्हणाली, उद्या पाहू. तो उद्या आलाच नाही. तेव्हापासून तो उंडा तसाच, न भाजलेला, न खाल्लेला. त्याला विस्तव माहीत नाही म्हणून उजेड नाही. "कच्चा आहे तो, बाबू. म्हनून तहानते. जिथं तहानेलं झाड दिसते तिथं थांबते."

मी हसलो. हसता हसता विचारलं, "मग दिसतो कसा?"

उकंडानं भाकरीचा तुकडा उचलला, त्यावर अंगठा दाबला आणि माझ्यापुढं धरला. "एका अंगानं असा दबलेला."

तो खड्डा मी भिंतीकडं फिरवला होता. त्याबद्दल मी कोणाला बोललो नव्हतो. ती चुरी घरी येताना बसमध्ये सोलून मीच खाल्ली होती, आणि ती कडू निघाली होती. आज मी स्वतःला समजावतो की मोठेबाबांनी पाहिली असेल, त्यांनी उकंडाला सांगितलं असेल, किंवा प्रत्येक घरात कणकेवर अंगठा दाबतातच, त्यातून म्हाताऱ्यानं जुळवलं असेल. दिवसा हे सगळं पटतं.

संक्रांत आली. घराघरात तीळ भाजल्याचा वास, मोठीआईच्या हाताला गुळाचा चिकटा. बाकीच्या बगीच्यांत मोटरी सुरू झाल्या, आमच्या रस्त्याला दोन्ही बाजूंनी पाण्याचा आवाज यायला लागला. मोठेबाबांनी पान कानाशी धरलं, दुमडलं, आणि मान हलवली. "झाड बोलून राहिलं. पन तो वर आहे अजून. आता पाणी देलं का सारा रस तोच पिऊन घेईन. मागल्या सालासारखंच होईन."

"कधी द्यायचं मग?" मी विचारलं. उत्तर मला माहीत होतं. माझ्याच अक्षरातलं होतं.

"माघी पुनवेले. तूच तं लिहिलं ना."

माघी पौर्णिमा महिन्यावर होती. त्या दिवसापासून मी रोज बगीच्यात जायला लागलो. आधी पानं गळत होती ती झोपल्यासारखी, आता ती वाळून पडायला लागली, टप, टप, वाऱ्याशिवाय. शेजारच्या बगीच्यांत पाणी आणि टिटव्यांचा ओरडा. आमच्या बांधाच्या आत मात्र पाखरू बसत नव्हतं. शेंड्यांच्या काड्या हातात मोडायच्या. मोठीआईनं उकंडाच्या सांगण्यावरून कणकेचा एक उंडा, अंगठा दाबून, संध्याकाळी विहिरीच्या काठावर ठेवायला सुरुवात केली होती. एका सकाळी मी तो उचलून पाहिला. रात्री इतकं दव पडलं होतं की दगड ओला, गवत ओलं, माझ्या चपला ओल्या. उंडा मात्र ठणठणीत कोरडा. नखानं टोकरला तर आतपर्यंत भुगा. थंडीतली हवा कोरडी असते, हे मी विज्ञान शाखेचा विद्यार्थी म्हणून स्वतःला सांगितलं. ओल्या चपला घालून सांगितलं.

पंधरा दिवसांनी मी कबूल केलं. मोठेबाबा मोटरीच्या खोलीच्या दारात बसून विळ्याला धार लावत होते. मी समोर उभा राहिलो आणि सगळं बोललो, भोक, तार, चुरी, शनी खाल्ल्याचंसुद्धा. बोलता बोलता रडलो. त्यांनी विळा खाली ठेवला आणि माझा हात धरून बसवलं.

"भेव लागून राहिलं तुले," ते म्हणाले. "लागते. एवढी मोठी गोष्ट काढली तू, भेव लागनारच."

"मोठेबाबा, तो नाहीच आहे! मी खोटं बोललो!"

"असं कसं नाही?" ते शांतपणे म्हणाले. "मी पायतो ना त्याले. रोज पायतो."

मी तक्ता फाडून नवा केला, हिशेब चुकला होता म्हणालो, मावळायची तिथी मागं आणली. त्यांनी वही पाहिली, परत दिली. "हिसाब कागदावर चुकते, बाबू. वरते नाही चुकत. तो गेलेला मी माह्या डोयानं पायीन, तवा पाणी सोडीन." आणि मग डोळे चोळत, "नाही तं असं कर. माह्या नजरेचा आता भरोसा नाही. तू ये संग. तू पाय. तू म्हन का गेला, तं गेला."

म्हणजे त्यांनी स्वतःची साडेतीनशे झाडं माझ्या शब्दावर ठेवली होती. पुन्हा एकदा खोटं बोललं की झाडं वाचणार होती. खोटं बोलण्यात माझा हात कोण धरणार होता? आयुष्यात पहिल्यांदा माझ्या अंगच्या गुणाचा कोणाला तरी उपयोग होणार होता. दुसऱ्याच दिवशी दिवेलागणीला आम्ही निघालो. मी जवळजवळ शीळ घालत होतो.

बगीच्याच्या पूर्वेच्या बांधावर आम्ही तिघं उभे राहिलो, मोठेबाबा, मी, आणि मागं उकंडा, आमच्याकडं तोंड करून, पूर्वेकडं पाठ. सूर्य बुडाला होता. पूर्वेला खालून तो जांभळा पट्टा वर चढत होता. शेजारच्यांच्या मोटरी नेमक्या बंद झाल्या होत्या, वीज गेली असावी. एकदम सगळं थांबलं. फक्त मागं झाडांतून पानं, टप, टप. मी आधीच वाक्य ठरवून आलो होतो. वर पाहायचं, थोडं शोधल्यासारखं करायचं आणि म्हणायचं, गेला. मी मान वर केली.

तिथं होता.

मी हे कितीतरी वेळा लोकांना सांगितलं आहे आणि दरवेळी इथं येऊन थोडा विनोद केला आहे, म्हणजे लोक हसतात आणि मलाही पुढं जाता येतं. इथं करत नाही. क्षितिजापासून दोन बोटं वर, मी सांगितलं होतं तिथंच, पट्ट्याच्या किंचित वर, आभाळाचा एक तुकडा नव्हता. चुरीएवढा. तो ढग नव्हता, ढगाच्या कडा हलतात. तो काळा होता असंही म्हणता येत नाही. त्या जागी डोळा टेकत नव्हता, नजर आत घसरत होती. आणि त्याची उजवी कड गोल नव्हती. आत दबलेली होती. माझा अंगठा आपोआप माझ्याच मुठीत गेला. तोंड कोरडं पडलं होतं, जीभ टाळ्याला चिकटली, आणि मला आठवतं, मला जीव जाईल अशी तहान लागली.

"मधुकर," मोठेबाबा म्हणाले. "आहे का?"

मी हात वर केला. बोट त्याच्यावर न्यायची हिंमत नव्हती. मी ते बाजूला नेलं, डावीकडं, शिंदीच्या झाडांवरच्या रिकाम्या आभाळाकडं. "तिथं होता, मोठेबाबा. पाहा. आता नाही."

"गेला?"

"गेला."

"बराबर पायलं?"

"बराबर पाहिलं."

ते बराच वेळ उभे राहिले. माझा हात तसाच वर होता, खाली घ्यायचं सुचलं नाही. मग ते वळले. "उकंडा, लाईन आली का मोटर चालू करून दे. आंबवणी दे आज, हलकंच पाणी, झाडं तहानेली आहेत." वीज आली, मोटर घरघरली, आणि पाटाच्या कोरड्या मातीत पाणी शिरल्याचा तो आवाज आला, जमीन घोट घेते तसा. मी पाटातच ओणवा होऊन ओंजळीनं प्यायलो. वर पाहिलं नाही. घरी जाईपर्यंत पाहिलं नाही.

पूर्वेच्या बांधालगतची एक ओळ गेली. ती झाडं पुढं तोडावी लागली. बाकीच्यांचे शेंडे वाळले होते, पण वीसेक दिवसांनी उरलेल्या फांद्या अशा फुलल्या की रस्त्यावरून जाणारी बस हळू होत असे, असं लोक म्हणत. त्या फुलांचा वास घरापर्यंत यायचा आणि मला जेवण जायचं नाही. मोठेबाबांनी धाकल्याचं नाव परत काढलं नाही. तक्त्याची वही मीच चुलीत घातली. फक्त एक बदल झाला. त्यानंतर ते जगले तोवर दरवर्षी ताण संक्रांतीलाच तोडायचे, पान कानाशी न धरता, आणि पाणी सोडायचे भर दुपारी, डोक्यावर ऊन असताना.

आता पांढुर्णा जिल्हा झाला आहे, प्रदर्शनं मोठ्या मांडवात होतात. परवा नातवानं मोबाईल आभाळाकडं धरला. त्यात म्हणे सगळे तारे नावासकट दिसतात. दिवेलागण होती. मी त्याचा हात धरून पूर्वेला दोन बोटं वर नेला. "इथं काय आहे?" तो म्हणाला, "काहीच नाही आजोबा. इथं तर ते एकही नाव दाखवत नाही." मग भुवया उंचावून म्हणाला, "बाजूला सगळीकडं दाखवतं पण." मी म्हटलं, मोबाईल जुना असेल. नवाच होता.

मोठेबाबा शेवटी अंथरुणाला खिळले तेव्हा मी नोकरीतून रजा घेऊन सौंसरला गेलो होतो. एका संध्याकाळी मोठीआई कणीक मळत होती, बांगड्या वाजत होत्या, आणि खोलीत आम्ही दोघंच होतो. इतक्या वर्षांनी मी विचारलं. म्हटलं, "मोठेबाबा, त्या दिवशी बांधावर मी बोट दाखवलं तेव्हा तुम्ही कुठं पाहत होता?"

ते हसले. "तू पाहून राहिला होता तिथंच."

मी म्हटलं, "म्हणजे तो होता. तुम्हाला दिसत होता. मग पाणी कसं सोडलं?"

त्यांनी तांब्याकडं हात केला. मी त्यांना बसतं केलं, फुलपात्र ओठाला लावलं. ते दोन घोट प्यायले, फुलपात्रात थोडं ठेवलं आणि ते खिडकीत ठेवायला सांगितलं, पूर्वेच्या.

"झाडं मरून राहिली होती ना बे," ते म्हणाले. "म्हटलं, पिऊ दे त्यालेबी. अन् झाडालेबी पिऊ दे."